डाव्या बाजूची स्प्रिंग

माणूस गेलं की त्याच्या वस्तू घराबाहेर काढण्याचं काम आमच्याकडे फार झटपट होतं. माझी बायको गेली, तेरावा झाला आणि चौदाव्या दिवशी तिच्या साड्या, चपला, काचेच्या बांगड्या, चष्मासुद्धा वेगवेगळ्या पिशव्यांत भरून निघून गेला. मी अडवलं नाही. कोणती साडी कोणाला द्यायची हे विचारायला बायका माझ्याकडे येत होत्या आणि मी मान हलवत होतो. सगळ्यांना मी समजूतदार वाटलो. शेवटी माझा मेहुणा, तिचा धाकटा भाऊ, दारात चपला घालता घालता म्हणाला, "भावोजी, आता गाडीचंही उरकून टाकू ना. माझ्या ओळखीचा भंगारवाला आहे. घरी येऊन उचलून नेतो."

"गाडी राहील," मी म्हणालो.

"चालवणार कोण? तुम्ही?"

"मी."

तो हसला. त्याचा काही दोष नाही. एकोणतीस वर्षं, आधीच्या गाडीत आणि मग हिच्यात, मी डाव्या सीटवर पुस्तक घेऊन बसलो होतो आणि त्याच्या बहिणीने गाडी चालवली होती. माझं लायसन्स होतं, पण ते मी ग्रंथालयातल्या दुर्मिळ पुस्तकांसारखं वापरत होतो, म्हणजे कपाटात. ती औषधांच्या कारखान्यात तपासणी विभागात होती. सकाळी मला घाटकोपरला माझ्या कॉलेजच्या दाराशी सोडायची आणि पुढे जायची. मी निवृत्त झालो, नंतर तीही झाली, गाडी मुलुंडच्या आमच्या गल्लीत गुलमोहराखाली उभी राहू लागली, आणि मग बायको आजारी पडली.

साधी छोटी गाडी, मागे डिकीचा दरवाजा वर उघडणारी. रंग एके काळी चंदेरी. तिच्या नोंदणीची पंधरा वर्षं चार महिन्यांनी पुरी होणार होती. त्यानंतर तपासणी करून नवी नोंदणी मिळाली तर गाडी रस्त्यावर, नाहीतर भंगारात. मेहुण्याने हेच धरलं. तो आमच्याच गल्लीत दोन इमारती सोडून राहतो आणि रोज संध्याकाळी माझ्याकडे चहाला येतो. एक दिवस म्हणाला, "चला, डील करू. पहिल्या फटक्यात पास झाली तर मी परत तोंड उघडणार नाही. नापास झाली तर दुसऱ्या दिवशी भंगारवाल्याला फोन. मंजूर?"

"मंजूर," मी म्हणालो. चोवीस वर्षं ग्रंथपालाची नोकरी केल्यावर माणूस सहसा पैजा लावत नाही. ही लावली.

मग मी रोज सकाळी गाडी काढू लागलो, हात बसावा म्हणून. तेव्हा तो आवाज लक्षात आला. मागून, खालून, खट्. रस्त्यात कुठेतरी कोणी दरवाजाची कडी पाडावी तसा. ती असताना हा आवाज होता की नव्हता, मला आठवेना. मी वाचत असायचो.

पहिल्यांदा मोठ्या, थंडगार काचेच्या वर्कशॉपमध्ये गेलो. तिथल्या गळ्यात पट्टा घातलेल्या माणसाने गाडीच्या मागच्या कोपऱ्यावर दोनदा जोर देऊन बघितलं आणि म्हणाला, "सर, दोन्ही शॉकअप गेलेत." मुंबईत शॉक अ‍ॅब्सॉर्बरला कोणी पूर्ण नावाने बोलावत नाही. शॉकअप बदलले. गाडी परत घेऊन वर्कशॉपच्या फाटकातून बाहेर पडलो, डावं चाक गटाराच्या झाकणावरून गेलं, खट्.

परत गेलो. तो माणूस म्हणाला, "सर, वयाचा प्रॉब्लेम आहे. या गाडीत आता पैसे घालू नका."

त्याच्या तोंडी तो सल्ला मला फार ओळखीचा वाटला. आजारपणाच्या शेवटच्या महिन्यांत असंच, इतक्याच मऊ आवाजात, आणखी एका काचेच्या खोलीत मला सांगितलं गेलं होतं. तेव्हा मी ऐकून घेतलं होतं. या वेळी मी म्हणालो, "वय हे कारण नसतं. कारण शोधता येत नसलं की वय सांगतात." तो चक्रावला. मीही थोडा चक्रावलो. मी असं बोलत नाही.

घरी येऊन मी मला येतं ते केलं. कॉलेजमध्ये सगळी यादी संगणकावर गेली तेव्हा पुस्तकांच्या तालिकेची जुनी कार्डं रद्दीत निघाली होती, त्यातली कोरी दोन-तीनशे मी घरी आणली होती. आवाज आला की गाडी बाजूला घ्यायची आणि कार्ड लिहायचं. जागा, वेग, कोणतं चाक, गाडीत वजन किती, इंधन किती. तीन आठवड्यांत एकेचाळीस कार्डं झाली. ती मी जेवणाच्या टेबलावर मांडली, कधी जागेप्रमाणे, कधी वेगाप्रमाणे. वेगाप्रमाणे काहीच हाती लागलं नाही. चाकाप्रमाणे लावली तेव्हा दिसलं की गतिरोधकावर, जिथे दोन्ही चाकं एकदम चढतात, आवाज नाही. एकटं डावं चाक खड्ड्यात गेलं तरच आवाज. आणि एक विचित्र कार्ड होतं: शेजाऱ्यांच्या लाद्यांची खोकी डिकीतून नेली त्या दिवशी तोच रस्ता, तेच गटाराचं झाकण, आणि आवाज नाही.

ती कार्डं रबरबँड लावून मी भांडुपला एका जुन्या गॅरेजवाल्याकडे नेली. पत्र्याची शेड, पुढे उतार, आत टांगलेली गेल्या वर्षीची देवाची दिनदर्शिका. माणूस मालवणकडचा, साठीला आलेला, वडील गिरणीत होते. मी ग्रंथपाल होतो हे कळल्यापासून तो मला मास्तर म्हणू लागला.

"ही कसली कार्डां?" तो म्हणाला. "पत्रिका जुळवूक इलात काय?"

"आवाजाची नोंद आहे. वाचा."

"आवाज माझ्याशी बोलता मास्तरांनु, कार्डाशी न्हय." पण चष्मा लावून त्याने वाचली. सगळी नाही, दहा-बारा. लाद्यांच्या कार्डावर थांबला. "वजन असताना गप, रिकामी असताना बोंब. आमच्या थोरल्या भावासारखीच दिसता. पोटात पडला काय गप." मग गाडीखाली वाकून बघितलं. "शॉकअप नवे आसत. आवाज जुनोच आसा. चला, तुम्ही मागे झोपा."

"कुठे?"

"डिकीत. मी चालवतंय. तुम्ही ऐका."

मागची सीट पुढे पाडून त्रेसष्ट वर्षांचा मी डिकीत आडवा झालो. गुडघे पोटाशी. त्याने गाडी उतारावरून खाली घेतली, डावं चाक मुद्दाम रस्त्याच्या तुटक्या कडेला. दोनदा आवाज झाला, पण मला कळेना कुठून. सगळा पत्राच वाजत होता. त्याने आरशात बघितलं.

"असे मेल्यासारखे काय पडलात? हात लावा पत्र्याक!"

म्हणाला आणि जीभ चावली. बायको गेल्यापासून मी असा रोज गाडी घेऊन फिरतो हे मी त्याला आधी सांगितलं होतं. पुढे बराच वेळ त्याने आरशात बघितलं नाही. मी हात लावला. चाकावरचा जो उंचवटा डिकीत येतो त्याच्या मागच्या, शॉकअपच्या टोकाशी तळवा ठेवला. खट् झालं, तळव्याला काही नाही. मग पुढे सरकवला, जिथे खाली स्प्रिंग बसते तिथे. खट्. तळव्याला स्पष्ट टोचल्यासारखं लागलं.

"इथे," मी ओरडलो. "शॉकअप नाही. पुढे, स्प्रिंगच्या जागी!"

"मग आधी कित्याक सांगूक नाय?" तो म्हणाला. चूक माझीच असल्यासारखा.

शेडमध्ये जॅक लावून डावी बाजू उचलली. चाक लोंबकळलं. या गाडीत शॉकअप आणि स्प्रिंग वेगवेगळे असतात, त्यामुळे शॉकअप बदलताना स्प्रिंगला कोणी हात लावायची गरज नसते, आणि लावला नव्हता. त्याने हात घालून स्प्रिंग धरली आणि ती त्याच्या हातात गोल फिरली. तळातून गंजाचा चुरा पडला आणि त्यामागे बोटाएवढा लोखंडाचा वाकडा तुकडा. स्प्रिंगची सगळ्यात खालची कडी तुटली होती. तुटलेलं टोक आपल्या खाचेत पडून राहिलं होतं आणि चाक खाली आपटलं की उरलेली स्प्रिंग त्यावर आदळत होती. वजन असलं की दाबून बसत होती, म्हणून गप्प.

मी खूश झालो. त्याने मात्र टॉर्च वर धरला.

"ह्या कोणी घातल्यान?"

स्प्रिंगच्या दोन वेढ्यांमध्ये एक जाड काळा रबर अडकवलेला होता. मी बघितला आणि मला ओळख पटली.

"माझ्या बायकोने."

त्याने बोटाने रबर दाबून बघितला. "हुशार बाई. पण हय चुकली."

त्याने सांगितलं ते असं. रबर घातला की त्या दोन वेढ्यांचं हलणं बंद होतं आणि त्यांचा वाटा खालच्या कडीला सोसावा लागतो. ती कडी एक दिवस तुटली. तुटल्यावर गाडीची डावी बाजू खाली बसायला हवी होती, म्हणजे कोणाच्याही नजरेला आली असती. पण रबराने तिला बसू दिलं नाही. गाडी सरळ दिसत राहिली आणि आतून मोडलेली राहिली. शिवाय एका बाजूला कडक, एका बाजूला मऊ, असं होऊन दोन्ही चाकं जोडणाऱ्या मागच्या दांड्याच्या सांध्यांतले रबरी बुश फाटले होते.

"रबर काढायचो. दोन्ही बाजूक नवी स्प्रिंग. बुश नवे."

"स्प्रिंग बदला," मी म्हणालो. "रबर परत होता तिथे बसवा."

"कशाक?"

"तिने बसवलाय म्हणून."

त्याने हात पुसले. "मग गाडी घेवन जावा मास्तरांनु. ता माझ्या हातून होवचा नाय."

मी गाडी घेऊन आलो. तुटकी स्प्रिंग होती तशी बसवून त्याने दिली, तो तुकडा माझ्या हातात ठेवला आणि सावकाश जा म्हणाला. मी रागात होतो, पण सावकाश गेलो.

तो रबर कधी बसवला ते मला आठवत होतं. माझे सासरे तेव्हा होते. अंगाने भारी. मे महिन्यात गावाहून परत येताना ते नेहमी मागे डाव्या बाजूला बसायचे, कारण त्या बाजूने फुटपाथवर उतरता येतं, आणि त्यांच्या मागे डिकीत डाव्या बाजूलाच तांदळाचं पोतं, कारण उजवीकडे आंब्याच्या पेट्या अचूक मावायच्या. घराच्या गल्लीतल्या गतिरोधकावर गाडी खाली घासली. पुढच्या रविवारी ती दुकानातून रबराची जोडी घेऊन आली. मी माझ्या टेबलावरची फूटपट्टी घेऊन दोन्ही बाजूंची उंची मोजली. डावी बाजू बोटभर खाली होती, उजवी ठीक. "मग उजवीकडे कशाला घालायचा?" ती म्हणाली. मी म्हणालो, बरोबर आहे. पाकिटावर दोन्ही बाजूंना घाला असं लिहिलेलं असणार. आमच्या घरात सगळं वाचणारा मी, आणि ते पाकीट मी वाचलं नाही. तिने डांबरी रस्त्यावर गोणपाट टाकून, गाडीखाली झोपून, दाबून दाबून तो रबर बसवला. मी टॉर्च धरला होता. पुढे सासरे गेले, तांदूळ आम्ही इथेच घेऊ लागलो. रबर आत राहिला.

दोन दिवस मी गाडी काढली नाही. मेहुणा चहाला आला तेव्हा म्हणाला, "काय, वाट लागली वाटतं गाडीची?"

"काही लागलेली नाही."

"मग खाली धूळ का खातेय?"

"विचार करतोय."

"गाडीत विचार काय करायचा असतो?" तो म्हणाला. "ताई असती तर एका तासात हो की नाही सांगून मोकळी झाली असती."

हे खरं होतं आणि त्यामुळे मला जास्त राग आला. तो गेल्यावर मी तिच्याशी भांडलो. आमची भांडणं कधी मोठ्या आवाजात झाली नाहीत. ती पुरावा मागायची आणि मी तो शोधून आणेपर्यंत दोघांचाही राग उतरलेला असायचा. या वेळी पुरावा टेबलावरच होता, एकेचाळीस कार्डं आणि तो लोखंडी तुकडा. तू एकाच बाजूला घातलास, मी म्हणालो, आणि मी तुला घालू दिला. कारखान्यात तिने एकदा गोळ्यांची अख्खी बॅच परत पाठवली होती. चाचणीतली चूक तिची स्वतःची होती, हे नंतर कळलं. तेव्हा तिने वरिष्ठांसमोर जाऊन तेही लिहून दिलं आणि घरी येऊन पोहे केले. रडली वगैरे नाही. चूक सापडली की ती काढायची, तिच्याभोवती काही बांधायचं नाही, अशी तिची पद्धत. मला तिची पद्धत कधी जमली नव्हती. वस्तू जपून ठेवणं हे माझं काम होतं, पगार घेऊन केलेलं.

पण मी गाडी ठेवायला निघालो होतो. आतून मोडलेली आणि बाहेरून सरळ दिसणारी गाडी ठेवायची नव्हती मला. ती तर कोणीही ठेवतं.

तिसऱ्या दिवशी भांडुपला गेलो. "रबर मी काढणार," मी म्हणालो.

 गॅरेजवाल्याने टॉमी नावाची चपटी लोखंडी कांब हातात दिली आणि कुठे रोवायची ते बोटाने दाखवलं. रबर वाळून दगड झाला होता. मला दहा मिनिटं लागली, हाताचं सालटं निघालं, आणि तो दोन तुकड्यांत निघाला. ते तुकडे मी स्वतः त्याच्या कचऱ्याच्या पिंपात टाकले. पिशवीत घालून घरी नेले नाहीत.

नव्या स्प्रिंगा बसल्या, नवे बुश बसले. मग तो मागच्या दांड्याचे बोल्ट आवळायला लागला आणि मी म्हणालो, "थांबा."

"आता काय?"

शोधून आणलेलं या गाडीच्या दुरुस्तीचं जाडं पुस्तक मी रात्रंदिवस नाही, पण सकाळी चहाबरोबर नेमाने वाचत होतो. त्यात लिहिलं होतं की हे बोल्ट चाकं जमिनीवर टेकलेली असताना, गाडीचं वजन त्यांच्यावर असताना आवळायचे. चाकं लोंबकळत असताना आवळले तर बुशमधला रबर त्या लोंबकळत्या स्थितीत पकडला जातो. गाडी खाली उतरली की तो पिळला जातो आणि दिवसरात्र पिळलेलाच राहतो, मग लवकर फाटतो. मी पेन्सिलने रेघ मारलेलं पान त्याच्यासमोर धरलं.

"पंचवीस वर्षां मी असेच आवळतंय."

"आणि पंचवीस वर्षं तीच गिऱ्हाइकं दर दोन वर्षांनी बुश बदलायला परत येतायत ना?"

 तो मोठ्याने हसला. "गिऱ्हाईक परत येवक नको तर मी खावचा काय?" पण पाना खाली ठेवला. फळ्या आणल्या, चाकं त्यांवर चढवली, पुठ्ठा अंथरला आणि कुरकुरत गाडीखाली शिरला. आतून आवाज आला, "मास्तरांनु, पुस्तकात वजन सांगितलाहा ना? मग बसा मागे. आयता वजन मिळाला."

मी मागे बसलो. तो खालून एकेक बोल्ट आवळत होता आणि प्रत्येक बोल्टला माझ्या पुस्तकाच्या नावाने काहीतरी पुटपुटत होता. परत येताना मी मुद्दाम डावं चाक प्रत्येक झाकणावरून नेलं. आवाज आला नाही. घरी आल्यावर बेचाळिसावं कार्ड लिहायला घेतलं आणि त्यावर लिहायला काही नव्हतं.

तपासणीच्या दिवशी मेहुण्याने रजा काढली. पैज त्याने मनावर घेतली होती. आरटीओच्या मैदानात गाड्यांची रांग होती, बहुतेक आमच्यासारख्याच, टापटीप पुसलेल्या म्हाताऱ्या गाड्या. निरीक्षक बाई होत्या. त्यांनी चासी नंबर ताडून पाहिला, दिवे लावून बघितले, हॉर्न वाजवला, मग मागे जाऊन दोन्ही हातांनी डावा कोपरा दाबला आणि सोडला. गाडी एकदा वर आली आणि स्थिर झाली. त्या खाली वाकल्या.

"मागचं काम नवं केलंय. सगळंच?"

"हो."

"पंधरा वर्षांच्या गाडीला कोण करतं एवढं?"

"ज्याला ठेवायचीय तो," मी म्हणालो.

त्यांनी मान वर करून माझ्याकडे बघितलं, मग मैदानाच्या टोकापर्यंत नेऊन परत आणायला सांगितलं. मेहुणा बाजूला उभा होता. मी गाडी नेली, वळवली, ब्रेक लावला तिथे थांबली. बाईंनी नव्या नोंदणीवर सही केली. पाच वर्षं.

मेहुणा डाव्या सीटवर येऊन बसला.  माझी अपेक्षा होती की टोमणा मारेल. पूर्व द्रुतगती मार्गाला लागल्यावर म्हणाला, "मला वाटलं होतं नापास होईल."

"माहीत आहे."

"नाही भावोजी. मला पाहिजे होतं की नापास व्हावी." तो बाहेर बघत होता. "ही गाडी गल्लीत वळली ना, की मी गॅलरीत असलो तर मला वाटतं ताई आली. दर वेळी. मग काचेतून तुम्ही दिसता. रोज सकाळी च्यायला हेच. म्हणून म्हटलं, विकून टाका."

हे त्याने मला चार महिन्यांत एकदाही सांगितलं नव्हतं. मी त्याला व्यवहारी समजत होतो. पुढचा सिग्नल लाल झाला. मी थांबलो.

"मलाही वाटतं," मी म्हणालो. "खाली उतरतो, गाडी दिसते, वाटतं ती आत बसलीय, उशीर झाला म्हणून वैतागलीय."

"मग कशाला ठेवता?"

"म्हणूनच."

"आणि मी काय करू? रोज बघत बसू?"

"बघ," मी म्हणालो. "पाच वर्षं रोज बघ. मीही बघणार आहे. सगळ्यांनी चौदा दिवसांत उरकलं, आपण दोघं नाही उरकत."

सिग्नल हिरवा झाला, मागच्या रिक्षाने लगेच हॉर्न मारला. त्याने खिडकीतून हात बाहेर काढून रिक्षावाल्याला एक शिवी हासडली, अगदी त्याच्या बहिणीसारखी, आणि मी गाडी पहिल्या गिअरमध्ये घातली.